अपंगत्वाचे भविष्य कोण ठरवते? ॲलिसन केफर यांचे ‘फेमिनिस्ट, क्वीअर, क्रिप’

अपंग स्त्रीकडे एक नजर टाकली की तिचे पुढचे आयुष्य कसे जाणार हे आपल्याला कळले, असे अनोळखी माणसांनाही वाटते, आणि तिला ते तोंडावर सांगायलाही ती माणसे कचरत नाहीत. अमेरिकन अभ्यासक ॲलिसन केफर यांच्या ‘फेमिनिस्ट, क्वीअर, क्रिप’ या पुस्तकाची सुरुवात याच अनुभवातून होते. केफर व्हीलचेअर वापरतात आणि त्यांच्या शरीरावर भाजल्याच्या खुणा आहेत. त्यांच्या भविष्यात काहींना फक्त दुःख आणि एकाकीपणा दिसला, तर काहींना असे भविष्य नसलेलेच बरे असे वाटले. या अनुभवाचे त्या आत्मकथन करत नाहीत. अपंगत्व असलेले भविष्य कोणालाही नकोसे असणार, हे आपण कशाच्या आधारावर गृहीत धरतो, हा एकच प्रश्न हाती घेऊन त्या स्त्रीवाद, क्वीअर सिद्धांत (लैंगिकता आणि लिंगभाव यांविषयी ‘सामान्य’ काय हे कोण ठरवते, असे विचारणारी विचारधारा), पर्यावरणविचार, तंत्रज्ञान आणि प्रजननाचे राजकारण अशा अनेक क्षेत्रांतून फिरतात. इंडियाना युनिव्हर्सिटी प्रेसने २०१३ मध्ये प्रकाशित केलेले हे पुस्तक अपंगत्व-अभ्यासात आज पायाभूत मानले जाते, आणि माझ्या मते ते त्या मानाला पात्र आहे. मात्र त्याची सगळी प्रकरणे सारख्या ताकदीची नाहीत आणि त्यातील काही उणिवा महत्त्वाच्या आहेत.

पुस्तकाचे मोल समजण्यासाठी त्याआधीची वैचारिक वाटचाल थोडी ध्यानात घ्यायला हवी. अपंगत्व म्हणजे व्यक्तीच्या शरीरातला किंवा मनातला दोष, आणि त्यावर इलाज करणे हेच समाजाचे काम, ही वैद्यकीय दृष्टी दीर्घकाळ निर्विवाद होती. ब्रिटनमधील अपंग कार्यकर्त्यांच्या एका संघटनेने १९७६ मध्ये तिला थेट आव्हान दिले. शरीरातील न्यून ही एक गोष्ट आहे आणि समाजाने त्या न्यूनावर लादलेली वगळणूक ही दुसरी, आणि अपंगत्व या दुसऱ्या गोष्टीचे नाव आहे, असे त्यांनी मांडले. पुढे मायकेल ऑलिव्हर यांनी या विचाराला ‘सामाजिक प्रतिमान’ (सोशल मॉडेल) म्हणून प्रतिष्ठा मिळवून दिली. पायऱ्यांच्या जागी रॅम्प आला की व्हीलचेअर वापरणारी व्यक्ती इमारतीत जाऊ शकते, म्हणजे अडचण तिच्या पायांत नव्हती, हा युक्तिवाद इतका स्वच्छ आणि उपयुक्त होता की अनेक देशांतील कायदे त्यामुळे बदलले.

तथापि ज्यांच्या वाट्याला सततची वेदना, थकवा किंवा चढउतार होणारा आजार आला आहे, त्यांना हे उत्तर अपुरे पडत होते, आणि ही उणीव प्रामुख्याने स्त्रीवादी लेखिकांनी दाखवून दिली. सुझन वेंडेल यांनी १९८९ मध्येच अपंगत्वाच्या स्त्रीवादी सिद्धांताची गरज मांडली होती. कोणताही रॅम्प बांधला तरी वेदना उरतेच, आणि तिच्याविषयी बोलणे म्हणजे वैद्यकीय दृष्टीला शरण जाणे नव्हे, हे त्यांच्या लेखनातून स्पष्ट होते. रोझमेरी गार्लंड-थॉमसन यांनी लिंगभेदाप्रमाणेच सक्षमता आणि अपंगत्व हीसुद्धा समाज उभारणारी एक व्यवस्था आहे हे दाखवले. रॉबर्ट मॅकरूअर यांनी २००६ मध्ये क्वीअर सिद्धांताशी हे नाते जोडले. एड्रियन रिच यांनी १९८० मध्ये सक्तीच्या भिन्नलिंगी संबंधांविषयी जो विचार मांडला होता, त्याच्या आधाराने मॅकरूअर यांनी ‘सक्तीची सक्षमता’ ही कल्पना पुढे आणली. सगळ्यांना सक्षमच व्हायचे आहे हे धरून चालणारी व्यवस्था आणि सगळ्यांना भिन्नलिंगी जोडीदारच हवा आहे हे धरून चालणारी व्यवस्था एकमेकींच्या आधाराने उभ्या आहेत, असे त्यांचे म्हणणे. समलैंगिकता अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञांच्या अधिकृत विकारसूचीतून १९७३ मध्ये वगळण्यात आली हे आठवले, तर आजार, विकृती आणि लैंगिकता यांची सांगड किती जुनी आणि किती घट्ट आहे हे वेगळे सांगायला नको.

केफर या परंपरेतूनच येतात, पण त्यांनी सुचवलेले ‘राजकीय-संबंधात्मक’ प्रतिमान, म्हणजे अपंगत्व माणसांमधील संबंधांतून आणि सत्तेतून घडते असे मानणारी दृष्टी, मला आधीच्या मांडणीपेक्षा अधिक प्रामाणिक वाटते. न्यून नैसर्गिक आणि अपंगत्व सामाजिक, ही वाटणीच त्या नाकारतात, कारण न्यून कशाला म्हणायचे हेसुद्धा माणसेच ठरवतात. वैद्यकीय उपचारांना त्यांचा विरोध नाही. आपल्याला आहे त्याहून अधिक अपंग व्हायचे नाही हे त्या मोकळेपणाने मान्य करतात. उपचार हेच अपंगत्वाला दिलेले एकमेव शहाणे उत्तर आहे, या समजुतीला मात्र त्यांचा ठाम विरोध आहे. इंग्रजीत ‘पांगळा’ अशा अर्थाने हिणवण्यासाठी वापरला जाणारा ‘क्रिप’ हा शब्द अपंग कार्यकर्त्यांनी स्वतःकडे घेतला तो याच वृत्तीने, आणि शीर्षकातील तीन शब्दांमध्ये ‘आणि’ न घालता केवळ स्वल्पविराम देण्यामागेही, मला वाटते, हे तीन विचार वेगळे काढता येत नाहीत हीच धारणा आहे.

पहिले प्रकरण काळाविषयी आहे आणि पुस्तकातील सर्वांत मौलिक विचार त्यातच आहे. वैद्यकाची भाषा काळाने भरलेली आहे याकडे केफर लक्ष वेधतात: आजार दीर्घकालीन असतो, तो अधूनमधून उफाळतो, ओसरतो, उलटतो, जन्मजात असतो किंवा नंतर होतो, आणि डॉक्टर त्याच्या पुढच्या वाटचालीचा अंदाज देतात. या भाषेत अपंग व्यक्ती कायम एका अधल्यामधल्या काळात अडकते, कारण तिचा खरा काळ एक तर अपघातापूर्वीचा असतो किंवा बरे झाल्यानंतरचा, आणि आजचे आयुष्य हे नुसते वाट पाहणे ठरते. याला उत्तर म्हणून त्या अपंग समुदायात आधीपासून रुळलेली ‘क्रिप काळा’ची कल्पना विस्तारतात. परीक्षेला अर्धा तास जादा देणे एवढाच तिचा अर्थ नाही. कामे किती वेळात झाली पाहिजेत हे ठरवताना आपण कोणते शरीर आणि कोणते मन डोळ्यांसमोर ठेवले होते, हे विचारणे आणि घड्याळच त्या शरीरांकडे वाकवणे, असा तिचा अर्थ आहे. काम, शिक्षण आणि उत्पादकता यांविषयीच्या आपल्या सगळ्या कल्पना या एका प्रश्नाने हलतात.

येथेच केफर क्वीअर सिद्धांताशी वाद घालतात, आणि तो वाद अतिशय सकस आहे. क्वीअर सिद्धांतकार ली एडलमन यांनी २००४ मध्ये असे मांडले होते की ‘मुलांच्या भविष्यासाठी’ या घोषणेने सगळे राजकारण व्यापले आहे, आणि म्हणून क्वीअर व्यक्तींनी भविष्य ही कल्पनाच झुगारून द्यावी. केफर यांना या टीकेतील तथ्य पटते, कारण त्या घोषणेतील मूल नेहमी निरोगी आणि गोरेच असते. परंतु ज्यांना भविष्य आधीपासूनच नाकारले गेले आहे, ज्यांची बळजबरीने नसबंदी झाली, ज्यांना संस्थांत कोंडले गेले, ज्यांचा जन्मच टाळावा असे सांगितले जाते, त्यांनी भविष्य झुगारून द्यावे असे म्हणणे त्यांना परवडणारे वाटत नाही. क्वीअर सिद्धांतातीलच होसे एस्तेबान मुन्योझ यांच्याप्रमाणे केफरही भविष्यावरचा हक्क सोडायला तयार नाहीत. सिद्धांत मांडणाऱ्याचे स्वतःचे भविष्य किती सुरक्षित आहे यावर त्याचा सिद्धांत किती अवलंबून असतो, हे या काही पानांइतके स्पष्ट मला क्वचितच वाचायला मिळाले आहे.

दुसरे प्रकरण ॲशली नावाने ओळखल्या गेलेल्या मुलीविषयी आहे आणि तेच पुस्तकाचा गाभा आहे. १९९७ मध्ये जन्मलेल्या या मुलीला मेंदूच्या अशा अवस्थेचे निदान झाले होते जी सुधारणार नव्हती. ती स्वतःहून बसू, चालू किंवा बोलू शकत नव्हती आणि तिला नळीवाटे अन्न दिले जात असे. ती सहा-सात वर्षांची असताना, २००४ मध्ये, सिएटल येथील रुग्णालयात आईवडिलांच्या विनंतीवरून तिचे गर्भाशय आणि स्तनांच्या ग्रंथी काढण्यात आल्या, आणि पुढे तिची उंची कायमची खुंटावी म्हणून इस्ट्रोजेनच्या मोठ्या मात्रा देण्यात आल्या. डॉक्टरांनी २००६ मध्ये या उपचारांविषयी शोधनिबंध प्रसिद्ध केला, पण स्तनग्रंथी काढल्याचा उल्लेख त्यात नव्हता. तो तपशील आईवडिलांनी २००७ च्या जानेवारीत स्वतः लिहिला तेव्हा जगासमोर आला. त्याच वर्षी वॉशिंग्टन राज्यातील अपंग हक्क संस्थेच्या चौकशीत, न्यायालयाच्या आदेशाशिवाय गर्भाशय काढणे बेकायदा होते असा निष्कर्ष निघाला आणि रुग्णालयाने चूक मान्य केली.

या घटनेवर वैद्यकीय नीतीच्या अंगाने विपुल लिहिले गेले आहे. केफर यांची नजर मात्र युक्तिवादातील काळाच्या कल्पनेवर आहे. ॲशलीचे मन तान्ह्या बाळाचे आणि शरीर वाढत जाणार, म्हणजे तिचे मन आणि शरीर दोन वेगळ्या काळांत राहणार, ही ‘विसंगती’ दूर करण्यासाठी शरीरच थांबवले पाहिजे, असा तो युक्तिवाद होता. उपचार झाले तेव्हा ती लहान मूल होती. जे काढून टाकले गेले ते तिचे होऊ घातलेले शरीर होते, ज्याला स्तन असणार होते, पाळी येणार होती, जे एका मोठ्या स्त्रीचे शरीर होणार होते. स्तनांमुळे तिला खुर्चीच्या पट्ट्यांचा त्रास होईल आणि तिची काळजी घेणाऱ्या कोणाच्या मनात लैंगिक भावना जागतील, असे कारण देण्यात आले होते. अत्याचाराची शक्यता दूर करण्यासाठी अत्याचार करणाऱ्याऐवजी मुलीच्या शरीराला बदलणे, या विचारातील लिंगभाव केफर ज्या संयमाने उलगडतात, त्याला तोड नाही. आणि जिथे स्त्रीच्या शरीरावरील हक्काचा प्रश्न इतका उघड होता तिथे स्त्रीवादी आवाज फारसे का उठले नाहीत, असा अवघड प्रश्नही त्या स्वतःच्या परंपरेला विचारतात. ॲशलीच्या मनात काय असेल हे आपल्याला कळू शकत नाही, हे त्या विसरत नाहीत. तरीही तिला सुख, इच्छा किंवा देहभान असूच शकत नाही असे धरून चालायचा अधिकार कोणालाही नाही, ही त्यांची भूमिका मला पूर्णपणे पटते.

या प्रकरणात एकच गोष्ट मला अपुरी वाटली. अशा मुलांना रोज उचलणे, स्वच्छ करणे, कूस बदलून देणे ही मेहनत बहुतेक घरांत स्त्रियाच करतात, बहुधा एकट्याने आणि बिनमोल. घरी मिळणाऱ्या मदतीच्या अभावाचा उल्लेख केफर करतात, पण काळजीच्या श्रमांवर स्त्रीवादी विचारात जे प्रचंड काम झाले आहे ते येथे आणखी खोलवर यायला हवे होते. मदतीला माणसे आणि पैसा असता तर त्या उपचारांचा विचारही कदाचित वेगळा झाला असता.

तिसऱ्या प्रकरणात दोन गोष्टी शेजारी ठेवल्या आहेत. एकीकडे मार्ज पिअर्सी यांची १९७६ मधील युटोपियन कादंबरी आहे, जी स्त्रीवादी अभ्यासक्रमांत आदर्श समाजाचे चित्र म्हणून शिकवली जाते. लिंग आणि वंश यांची उतरंड मोडलेल्या त्या समाजात प्रत्येक निर्णय चर्चेने होतो, परंतु तिथे अपंग माणसेच नाहीत, आणि ती का नाहीत यावर कोणी चर्चाही करत नाही. दुसरीकडे २००२ मध्ये अमेरिकेत गाजलेले एका कर्णबधिर समलिंगी स्त्री-जोडप्याचे प्रकरण आहे. वीर्यपेढ्या कर्णबधिर दात्यांना नाकारतात म्हणून या जोडप्याने पिढ्यान्‌पिढ्या बहिरेपण असलेल्या घरातील एका मित्राची मदत घेतली आणि आपले मूल कर्णबधिर असावे अशी इच्छा उघडपणे बोलून दाखवली. त्यावर जो गदारोळ झाला त्यात समलिंगी पालकत्वाचा विरोध आणि बहिरेपणाची भीती एकमेकांना बळ देत होत्या. मुलावर आधीच समलिंगी पालकांचे ओझे असताना हे दुसरे ओझे कशाला, अशी ती भाषा होती. ऐकू येणाऱ्या पालकांनी ऐकू येणारे मूल मागितले तर त्याला निवड म्हटले जात नाही, आणि या जोडप्याची इच्छा मात्र स्वार्थ ठरते, यातील विषमता केफर नेमकी पकडतात. सांकेतिक भाषेचा समुदाय स्वतःला भाषिक अल्पसंख्य मानतो, अपंग मानत नाही, ही गुंतागुंतही त्या टाळत नाहीत.

जाहिरातफलकांवरील चौथे प्रकरण वाचनीय आहे, पण त्याचा मुद्दा लवकर कळतो. फाउंडेशन फॉर अ बेटर लाइफ या संस्थेच्या फलकांवर अपघातानंतर अर्धांगवायू झालेले अभिनेते ख्रिस्तोफर रीव्ह किंवा वाचन-अक्षमता (डिस्लेक्सिया) असलेल्या अभिनेत्री हूपी गोल्डबर्ग यांची छायाचित्रे आणि खाली ‘सामर्थ्य’ किंवा ‘परिश्रम’ असा एखादा सद्गुण छापलेला असतो. सद्गुण व्यक्तीचा, म्हणून अडचणही व्यक्तीचीच, आणि कायदा, निधी, सुविधा यांविषयी कोणी बोलायला नको, हा त्यांचा छुपा संदेश आहे. पाचवे प्रकरण स्त्रीवादी विचारवंत डॉना हॅरावे यांच्या १९८५ च्या ‘सायबॉर्ग’ (माणूस आणि यंत्र यांचा संकर) जाहीरनाम्याचे परीक्षण करते. अपंग व्यक्ती यंत्रे वापरतात म्हणून त्यांना सायबॉर्गचे आयते उदाहरण मानायचे, पण त्या यंत्रांची किंमत, त्यांतील बिघाड किंवा ती मिळवण्यासाठी करावा लागणारा झगडा यांविषयी गप्प राहायचे, या सवयीवर केफर बोट ठेवतात. हे योग्यच आहे, पण मूळ निबंध न वाचलेल्या वाचकाला या प्रकरणात धाप लागेल, आणि पहिल्या वाचनात ते बाजूला ठेवले तरी फारसे बिघडत नाही.

सहाव्या प्रकरणाने मात्र मला खिळवून ठेवले. निसर्गाविषयीचे बरेच लेखन असे मानते की रानात पायी गेले, खरचटले, दमले, एकटे पडले तरच निसर्ग खऱ्या अर्थाने भेटतो. या धारणेत अपंग शरीराला जागाच उरत नाही. नायकी कंपनीने २००० मध्ये डोंगरात धावण्याच्या बुटांची एक जाहिरात केली होती, जिच्यात हे बूट नसतील तर झाडावर आपटून आपण लाळ गाळत व्हीलचेअरवर फिरणारे वेडेवाकडे कलेवर होऊ, असे सुचवले होते. निषेधानंतर ती मागे घेण्यात आली. त्याच वर्षी अमेरिकेतील न्यू हॅम्पशर राज्याच्या व्हाइट माउंटन्स पर्वतरांगेत नव्याने बांधलेल्या एका निवासाला कायद्याप्रमाणे रॅम्प जोडण्यात आला, तेव्हा जे लोक खडकाळ वाटेने व्हीलचेअर ओढत वर आले त्यांना पायऱ्याही चढता येणार नाहीत का, असे विचारले गेले. केफर यांचे उत्तर मार्मिक आहे. पायवाटही माणसांनीच आखलेली, रुंद केलेली, दगड रचून सोयीची केलेली असते, आणि एका प्रकारच्या शरीरासाठी केलेली सोय नैसर्गिक मानायची व दुसऱ्या प्रकारच्या शरीरासाठी केलेली सोय कृत्रिम मानायची, यातच सगळा पक्षपात आहे. अपंग लेखक ईलाय क्लेअर यांच्या लेखनाचा त्यांनी येथे घेतलेला आधारही सार्थ आहे, कारण डोंगर चढून जाण्याची ओढ आणि शरीराची मर्यादा ओळखून मागे फिरणे, या दोन्हींना क्लेअर सारखाच मान देतात.

शेवटचे प्रकरण एकजुटीविषयी आहे आणि प्रत्यक्ष काम करणाऱ्यांना ते सर्वाधिक उपयोगी पडेल. सांता बार्बरा येथील कॅलिफोर्निया विद्यापीठातील एका गटाने विद्यापीठातील स्वच्छतागृहांची पाहणी केली, ती अपंग, ट्रान्स आणि पाळी येणाऱ्या अशा सर्व व्यक्तींच्या गरजा एकाच तपासणी-यादीत घेऊन. दरवाजाची रुंदी किती, आत व्हीलचेअर वळते का, सॅनिटरी पॅडचे यंत्र किती उंचीवर आहे, लिंग न विचारता कोणालाही वापरता येईल अशी खोली आहे का, लहान मुलाचे कपडे बदलायला जागा आहे का, अशा साध्या प्रश्नांतून वेगवेगळ्या लोकांची वगळणूक एकाच भिंतीपाशी येऊन मिळते हे दिसते. हातात मोजपट्टी घेऊन केलेले हे काम म्हणजे सिद्धांत कसा जगता येतो याचा पुस्तकातील सर्वोत्तम पुरावा आहे. त्याच प्रकरणात प्रजननाच्या राजकारणातील धोका त्या स्पष्ट दाखवतात. अमेरिकेत २००८ मध्ये असा कायदा झाला की गर्भात डाउन सिंड्रोमसारखी अवस्था आढळल्यास पालकांना पुरेशी आणि अद्ययावत माहिती मिळावी. माहिती मिळणे चांगलेच आहे, पण अपंगांच्या सन्मानाचा वापर गर्भपाताच्या हक्काविरुद्ध होऊ लागला तर स्त्रिया आणि अपंग हे विनाकारण एकमेकांचे शत्रू ठरतात, आणि अपंग मूल वाढवायला लागणारा आधार देण्याची जबाबदारी सरकार झटकून मोकळे होते. कृष्णवर्णीय गायिका आणि कार्यकर्त्या बर्निस जॉन्सन रीगन यांनी म्हटल्याप्रमाणे एकजूट म्हणजे घरची ऊब नव्हे, तिथे अस्वस्थ वाटणारच, हा विचार केफर यांनी येथे अगदी योग्य जागी आणला आहे.

आता उणिवांविषयी. पुस्तकातील जवळजवळ सर्व उदाहरणे अमेरिकेतील आहेत. युद्ध, खाणी, विषारी कारखाने आणि गरिबी यांमुळे जिथे मोठ्या संख्येने माणसे अपंग होतात, तिथे अपंग भविष्य हवेसे मानण्याची भूमिका कशी घ्यायची, हा प्रश्न त्यामुळे अर्धाच राहतो. केफर यांना त्याची जाणीव आहे. पर्यावरणीय अन्यायाला विरोध करताना अपंगत्वालाच भीषण संकट म्हणून रंगवू नये, असे त्या सांगतात, पण विषारी पाण्याला विरोध कोणत्या भाषेत करावा याचे पुरेसे उत्तर त्या देत नाहीत. क्वीअर सिद्धांताच्या अभ्यासक जसबीर पुअर यांनी २०१७ मध्ये याच जागेवरून, पॅलेस्टाइनच्या संदर्भात, वेगळी मांडणी केली, आणि ती या पुस्तकानंतर वाचणे आवश्यक आहे. दुसरे असे की प्रस्तावनेत वेदना आणि उपचार यांविषयी दाखवलेला मोकळेपणा पुढच्या प्रकरणांत विरळ होतो. बरे होण्याची इच्छा असणारा वाचक पहिल्या पानांत स्वतःला पाहतो आणि नंतर बराच काळ त्याची स्वतःशी गाठ पडत नाही. शिवाय काम, वेतन आणि बेकारी हे विषय फार थोडक्यात येतात. काळाविषयी इतके सूक्ष्म लिहिणाऱ्या पुस्तकात कामाच्या तासांवर एक स्वतंत्र प्रकरण असते तर ते मला मनापासून आवडले असते.

भाषेविषयीही सांगायला हवे. केफर यांचे गद्य या क्षेत्रातील इतर अनेक ग्रंथांपेक्षा सुगम आहे आणि त्या कधीही वाचकावर पांडित्य लादत नाहीत, तरीही क्वीअर सिद्धांताची थोडी ओळख त्या गृहीत धरतात, आणि बराच महत्त्वाचा ऊहापोह पाठीमागच्या विस्तृत टिपांत आहे, त्यामुळे दोन ठिकाणी बोटे ठेवून वाचावे लागते. विषयाला नवख्या वाचकाने प्रस्तावनेनंतर थेट सहावे आणि सातवे प्रकरण घ्यावे, मग दुसऱ्याकडे आणि तिसऱ्याकडे यावे, आणि पहिले प्रकरण त्यानंतर वाचावे, म्हणजे काळाविषयीची अमूर्त चर्चा ठोस उदाहरणांच्या आधाराने उलगडेल. स्त्री-अभ्यास, समाजकार्य, वैद्यक आणि वास्तुरचना शिकवणाऱ्यांना ॲशलीवरील आणि स्वच्छतागृहांवरील भाग स्वतंत्रपणेही वर्गात वापरता येतील. बरे होण्याच्या इच्छेविषयी येथे जे अपुरे राहिले आहे ते ज्यांना सविस्तर हवे असेल, त्यांनी ईलाय क्लेअर यांचे उपचार या विषयावरचे २०१७ मधील पुस्तक यानंतर हाती घ्यावे.